भावंडांची वांटणी आणि अपिलाचें न्यायालय

जेऊर स्टेशनावर सकाळीं सोलापुराकडे जाणाऱ्या गाडीची वाट पाहात जी मंडळी उभी असतात, त्यांत कांखेंत कापडी पिशवी व पिशवींत दोऱ्यानें बांधलेला कागदांचा गठ्ठा घेतलेला एखादा तरी गृहस्थ हटकून असतो. त्यास "कोठें निघालांत?" असें विचारूं नये, असा आमच्या गांवचा शिष्टाचार आहे. तो तारखेस निघालेला असतो, आणि पुष्कळदां पलीकडच्या डब्यांत त्याचा सख्खा भाऊ तशीच पिशवी मांडीवर घेऊन बसलेला असतो. आम्हीं स्वतः ही पिशवी बारा वर्षें वाहिली आहे. म्हणून ह्या विषयावर चार शब्द लिहिण्याचा अधिकार आम्हांस आहे, असें आम्ही समजतों. आम्ही वकील नव्हों. जुनी अकरावी उत्तीर्ण होऊन मुलांस शिकविण्यांत आयुष्य गेलें, आणि संस्कृताचा कांहीं संस्कार घरींच झाला. तेव्हां कलमें पाठ म्हणून दाखविण्याचा हेतु नाहीं. सांगावयाचें आहे तें इतकेंच कीं, अपिलाच्या न्यायालयांत भावंडें जें शोधावयास जातात तें तेथें बहुधा नसतें, आणि जें तेथें निघतें त्याची कोणासच कल्पना नसते. उदाहरण आमच्याच घरचें आहे. त्यांत आमची फजितीही आहे. ती वाचकांनीं गोड मानून घ्यावी.

आमच्या वाडवडिलांची जमीन एके काळीं पुष्कळ होती असें म्हणतात. १९४८ च्या कूळकायद्यानें, आणि विशेषतः १ एप्रिल १९५७ च्या कृषकदिनानें, ती कसणाऱ्यांकडे गेली. वडिलांनीं स्वतः नांगर धरला होता, म्हणून नऊ एकर तेवढी राहिली. जिराईत ज्वारीची ती नऊ एकर; तिच्यासाठीं कोणीं भांडावें एवढी तिची योग्यता नव्हती. पुढें १९८० च्या सुमारास भीमेवरील उजनीचें धरण पुरें झालें आणि करमाळें तालुक्याच्या कडेनें पाणी पसरलें. कित्येक गांवें त्या पाण्याखालीं गेलीं, आणि ज्या रानांपर्यंत नळानें पाणी चढलें तेथें ऊस व केळी उभी राहिली. ज्वारीच्या रानांत भाऊ भावास हातभर बांध सोडीत असे. उसाच्या रानांत तोच भाऊ वीतभर जागेसाठीं कोर्ट गांठतो. आमच्या भागांतील भाऊबंदकीचें मूळ मनुष्यस्वभावापेक्षां पाण्याच्या नळांत अधिक सांपडेल, असें आमचें मत आहे.

आम्ही तीन भावंडें. अक्का सर्वांत वडील, मग अण्णा, मग आम्ही. आई गेली तेव्हां अक्का चौदा वर्षांची होती. तिनें शाळा सोडून चूल हातीं घेतली. अण्णांनीं आठवीनंतर शाळा सोडली व वडिलांबरोबर ते शेतीस लागले. शिकलों आम्ही एकटे. अक्काचें लग्न १९७६ सालीं होऊन ती बार्शीस गेली. १९९८ सालीं वडील निवर्तले. त्यानंतर दहा-बारा वर्षें शेत अण्णा पाहात, आम्ही नोकरीच्या गांवाहून सणावारीं येत असूं, आणि ज्वारीचीं पोतीं व गुळाच्या ढेपा आम्हांस पोंचत असत. कोणीं हिशेब मागितला नाहीं, कोणीं दिला नाहीं. असें घर पाहून लोक "काय हें बंधुप्रेम!" असें म्हणतात. आम्ही आतां म्हणतों कीं, तेव्हांच कागद करावयाचा होता.

ठिणगी पडली ती अशी. मुलाच्या शिक्षणास कर्ज काढावें म्हणून आम्हीं सातबाराचे उतारे आणले, तों नऊ एकरांस लागून असलेली तीन एकर, जी १९९१ सालीं घेतली होती व जी आम्ही आजपर्यंत घरचीच समजत होतों, ती एकट्या अण्णांच्या नांवें दिसली. आम्हीं विचारलें. अण्णा म्हणाले, "ती मी म्हशींच्या दुधावर घेतली. त्यांत वांटा कसला?" आम्ही म्हणालों, "म्हशी कोणाच्या कडब्यावर पोसल्या?" ह्या दोन वाक्यांपुढें बारा वर्षांत दोघांच्या वकिलांनीं जें लिहिलें तें सारें त्यांचें भाष्य होय. २०११ सालीं आम्हीं वांटणीचा दिवाणी दावा लावला.

येथें थोडें शास्त्राकडे वळूं. ज्या मिताक्षरेवर आपल्याकडील एकत्र कुटुंबाचा सारा व्यवहार उभा राहिला, ती विज्ञानेश्वरानें चालुक्यराजा सहावा विक्रमादित्य ह्याच्या कल्याण नगरींत लिहिली. तें कल्याण म्हणजे सोलापुराच्या पूर्वेस कर्नाटकाच्या बीदर जिल्ह्यांत असलेलें आजचें बसवकल्याण. जगांतील एका मोठ्या व्यवहारग्रंथाचें जन्मस्थान आपल्या इतक्या शेजारीं असून आपण तेथें फक्त लग्नाच्या वऱ्हाडाबरोबर जातों. दुसरा ग्रंथ नीलकंठ भट्टाचा व्यवहारमयूख. नीलकंठाचें घराणें मूळचें पैठणचें, काशीस स्थायिक झालेलें; म्हणजे तोहि आपलाच. महामहोपाध्याय पां. वा. काणे ह्यांनीं त्याची चिकित्सक आवृत्ति १९२६ सालीं काढली. नीलकंठाचा अभिप्राय असा कीं, वांटण्यास सामाईक द्रव्य मुळींच नसलें तरी वेगळें होण्याच्या स्पष्ट उच्चारानेंच विभाग घडतो. कारण विभाग ही वस्तुतः बुद्धीची एक अवस्था आहे. हा नुसता पंडिती चमत्कार नव्हे. १९१६ सालीं मध्यप्रांतांतून गेलेल्या गिरिजाबाई विरुद्ध सदाशिव धुंडिराज ह्या अपिलांत प्रिव्ही कौन्सिलनें ह्याच मताचा आधार घेतला. एका सहदायादानें वेगळें होण्याची नोटीस रजिस्टर टपालानें दिली, दावा लावला, आणि वांटणी होण्यापूर्वींच तो वारला. त्याच्या विधवेस त्याचा हिस्सा मिळेल काय, हा प्रश्न होता. कौन्सिलनें ठरविलें कीं, निःसंदिग्ध शब्दांत वेगळेपण कळविलें त्या क्षणींच तो विभक्त झाला. मोजणी, बांध, खांब हें सारें मागाहूनचें.

आमच्या दाव्यांत ह्याचा अनुभव विचित्र रीतीनें आला. उलटतपासणींत अण्णांच्या वकिलांनीं आम्हांस विचारलें, "वडिलांचें श्राद्ध आपण व आपले बंधु एकत्र करतां कीं वेगवेगळें?" श्राद्ध, देवपूजा व चूल वेगळी असणें हें विभक्तपणाचें चिन्ह म्हणून स्मृतिकारांनीं सांगितलें आहे, हें आम्हांस ठाऊक होतें, कोर्टांत तें आमच्याच गळ्यांत पडेल हें ठाऊक नव्हतें. दावा लावल्यापासून आम्हीं श्राद्ध वेगळें चालविलें होतें. खरें तें सांगितलें. एकाच वडिलांस एकाच तिथीला, एकाच गांवांत, दोन घरीं पिंड पडत होते, आणि तें एका लेखनिकाच्या टंकयंत्रावर नोंदलें जात होतें. त्या दिवशीं परततांना गाडींत आम्हांस जेवणाचा डबा उघडवला नाहीं.

अण्णांची कैफियत मात्र आम्हांस मनांतून कोठें तरी पटत होती, हें आज कबूल करण्यास हरकत नाहीं. त्यांचें म्हणणें असें: धाकट्याच्या शिक्षणास घरचा पैसा लागला, मी शेतांत राबलों म्हणून तो मास्तर झाला; तेव्हां त्याच्या पगारांतून बांधलेलें घरहि एकत्र कुटुंबाचेंच. विद्याधनाचा हा वाद फार जुना. विद्येनें मिळविलेलें धन मिळविणाऱ्याचें स्वतःचें, असें स्मृति सांगतात. परंतु ती विद्या कुटुंबाच्या खर्चानें मिळाली असेल तर काय, ह्यावर निबंधकारांनीं आणि मागाहून इंग्रजी न्यायाधीशांनीं पुष्कळ काथ्याकूट केला. १९२१ सालीं पंजाबांतील एका प्रकरणांत सिव्हिल सर्व्हिसांत गेलेल्या मुलाची कमाई प्रिव्ही कौन्सिलनें एकत्र कुटुंबाची ठरविली, कारण त्यास तयार करण्यास घरचा पैसा खर्चिला होता. त्या वेळच्या किती वकील, डॉक्टर व कारकुनांच्या घरांत धरणीकंप झाला असेल ह्याची कल्पना करावी! ह्यावर तोडगा काढला तो आपल्याच बॅरिस्टर मुकुंदराव जयकरांनीं. त्यांच्या खटपटीनें १९३० चा हिंदु विद्याधनाचा कायदा झाला, आणि केवळ घरच्या खर्चानें शिकला एवढ्यावरून कोणाची कमाई सामाईक होणार नाहीं, असें ठरलें. त्या कायद्यामुळें आमचें घर वांचलें. परंतु कायद्यानें घर वांचलें म्हणून अण्णांचें म्हणणें खोटें ठरलें असें नाहीं. त्यांच्या हातांचे घट्टे आम्हीं पाहिले आहेत.

तीन एकरांविषयीं आम्ही हरलों. येथें बहुतेक शिकलेल्या घरांचा एक गैरसमज आहे, कीं कुटुंब एकत्र तर मिळकतहि एकत्रच. तसें नाहीं. विजापूर भागांतील कांगो घराण्याच्या प्रकरणांत सर्वोच्च न्यायालयानें १९५४ सालींच सांगून ठेवलें आहे कीं, कुटुंब एकत्र होतें एवढ्यावरून एखादी मिळकत सामाईक असल्याचें गृहीत धरतां येत नाहीं. जो सामाईक म्हणतो त्यानें प्रथम दाखवावें कीं, ती घेतां येईल एवढें उत्पन्न देणारें मूळ धन कुटुंबाजवळ होतें; तें दाखविलें म्हणजे मग दुसऱ्यानें आपली कमाई वेगळी असल्याचें सिद्ध करावें. आम्हांस तें दाखवितां आलें नाहीं. २०१७ सालीं प्राथमिक हुकूमनामा झाला: नऊ एकरांत दोघां भावांस निम्मी निम्मी, तीन एकर अण्णांची. आम्हीं जिल्ह्यास अपील केलें.

आतां अपील म्हणजे काय, हें थोडें स्पष्ट करणें जरूर आहे. कारण आम्ही स्वतः तें चुकीचें समजत होतों. दाव्याच्या मूल्यानुसार पहिलें अपील जिल्हा न्यायालयांत किंवा उच्च न्यायालयांत चालतें. जिल्ह्याकरितां मुदत तीस दिवसांची, उच्च न्यायालयाकरितां नव्वद. नक्कल मिळण्यास लागलेले दिवस त्यांतून वगळतात. पहिल्या अपिलांत पुराव्याची व कायद्याची दोहोंचीही फेरतपासणी होते, आणि ती करणें हें त्या न्यायालयाचें कर्तव्यच आहे. परंतु फेरतपासणी होते ती आहे त्या पुराव्याची. आम्ही समजत होतों कीं अपील म्हणजे नवी पाटी. दिवाळींत माळ्यावरची पेटी आवरतांना एका जुन्या पंचांगांत गुंडाळलेलीं १९८९ व १९९० सालचीं उसाचीं बिलें सांपडलीं. वडिलांच्या नांवचीं, नऊ एकरांच्या उसाचीं! जें मूळ धन दाखवा म्हणत होते, तें हेंच. आम्ही तीं घेऊन धांवलों. अपिलाच्या न्यायाधीशांनीं तीं वाचलीं, शांतपणें बाजूस ठेविलीं, आणि विचारलें, "ही पेटी दावा चालू असतां कोठें होती?" आम्ही म्हणालों, "घरींच." जो पुरावा पुरेशी खटपट करूनहि पहिल्या वेळीं मिळूं शकला नसता तोच अपिलांत घेतां येतो, किंवा न्यायालयास स्वतः निर्णयासाठीं जरूर वाटला तर. माळ्यावरची पेटी ह्यांपैकीं कशांतच बसली नाहीं. आम्हीं चाळीस वर्षें मुलांस "उत्तरपत्रिका दिल्यावर मागूं नये" असें सांगितलें होतें.

ह्यापुढचें दुसरें अपील उच्च न्यायालयांत. परंतु १९७६ च्या दुरुस्तीपासून त्यास कायद्याचा महत्त्वाचा प्रश्न लागतो. कोणी खरें बोललें, कोणाच्या म्हशी होत्या, ह्यांत तें न्यायालय सहसा शिरत नाहीं. सोलापूरकरांस त्यासाठीं पूर्वीं मुंबईची वारी पडे. १८ ऑगस्ट २०२५ पासून कोल्हापुरास उच्च न्यायालयाचें सर्किट बेंच बसूं लागलें व सोलापूर जिल्हा त्यास जोडला गेला. आतां जेऊरकर कुर्डुवाडीस गाडी बदलून पंढरपूर-मिरजेवरून जाऊं शकतो. वाटेंत विठोबा आहे, ही त्यांतल्या त्यांत सोय.

असो. पेटी गेली, तीन एकरांची आशा मावळली, आणि युक्तिवाद संपत आला, तेव्हां न्यायाधीशांनीं दाव्यास जोडलेली वंशावळ पुढें ओढली. ती आमच्याच हस्ताक्षरांत होती. त्यांनीं विचारलें, "मयतास कन्या किती?"

आमचे वकील म्हणाले, "एक. परंतु त्यांचें लग्न १९७६ सालीं झालेलें आहे."

"लग्न केव्हां झालें हें मीं विचारलें नाहीं," न्यायाधीश म्हणाले. "त्या ह्या दाव्यांत कोठें आहेत?"

दोन्ही बाजूंच्या वकिलांनीं एकमेकांकडे पाहिलें. दहा वर्षांत अण्णा आणि आम्ही एकाही गोष्टीवर एकमत नव्हतों. ह्या एकाच गोष्टीवर होतों, कीं अक्काचा ह्यांत कांहीं संबंध नाहीं. आमच्या दाव्यांत लिहिलें होतें कीं बहिणीस लग्नांत सर्व दिलें. अण्णांच्या कैफियतींत तें कबूल केलें होतें. शिवाय १९९९ सालीं वारसनोंद करतांना "माझा हक्क नाहीं" असा एक साधा कागद अक्कानें सही करून तलाठ्याकडे दिला होता, व फेरफारांत तिचें नांव कमी झालें होतें. तो कागद लिहिला होता कोणीं? अक्षर सुबक म्हणून आम्हींच.

तो कागद कांहीं कामाचा नव्हता. स्थावरांतील हक्क सोडावयाचा तर हक्कसोडपत्र रजिस्टर करावें लागतें. आणि फेरफाराची नोंद सारावसुलीसाठीं असते, तिनें कोणाचा हक्क जन्मत नाहीं कीं मरत नाहीं. वांटणीच्या दाव्यांत सर्व हिस्सेदार पक्षकार असावे लागतात. एक जरी गाळला तरी सारा दावा डळमळतो. हें आमच्या ध्यानीं आलें नाहीं, ह्याचा दोष आम्ही कोणावर ढकलीत नाहीं. वंशावळ लिहिणारास भावंडें मोजतां येऊं नयेत, हें मास्तरास शोभलें नाहीं.

अक्काच्या हिश्शाची गोष्ट मोठी बोधक आहे व तिचें गणित सोपें आहे. सुदैवानें जमीन नऊ एकर होती. १९५६ च्या हिंदु वारसा कायद्याप्रमाणें बाप वारतांच क्षणभर वांटणी झाली असें मानावयाचें. आई पूर्वींच वारलेली; म्हणून बाप व दोन मुलगे ह्यांस तीन तीन एकर. मग बापाची तीन एकर तिघां अपत्यांत, म्हणजे प्रत्येकास एक. भावांस चार चार, अक्कास एक. हें गणित नीट मांडण्याचें श्रेय सांगलीच्या एका प्रकरणास आहे. खंडाप्पा मगदूम १९६० सालीं वारले. मागें पत्नी हिराबाई, दोन मुलगे, तीन मुली. आमच्याकडे मुलांमुलांची वांटणी झाली तर आईसहि एक हिस्सा मिळतो. म्हणून मानीव वांटणींत चौघांस पाव पाव, आणि नवऱ्याच्या पाव हिश्शांतून सहा वारसांस चोविसावा चोविसावा. खालच्या न्यायालयानें हिराबाईंस नुसता चोविसावा हिस्सा दिला. त्या अपिलांत गेल्या. उच्च न्यायालयानें पाव आणि चोविसावा मिळून सात-चोविसांश दिला, आणि १९७८ सालीं सरन्यायाधीश यशवंतराव चंद्रचूड ह्यांनीं तो कायम केला. मानावयाची तर वांटणी पुरतीच माना, अर्ध्यावर थांबूं नका, असा त्याचा भावार्थ. अपूर्णांकांच्या बेरजेस अठरा वर्षें लागलेलें हें उदाहरण आम्ही पूर्वीं ऐकलें असतें तर सातवीच्या वर्गांत घातलें असतें.

परंतु अक्का एका एकरावर थांबली नाहीं. म्हणजे ती कोठेंच गेली नाहीं, कायदाच तिच्याकडे चालत आला. १९९४ सालीं महाराष्ट्रानें मुलींस जन्मतः सहदायाद केलें, परंतु त्यापूर्वीं लग्न झालेल्यांस वगळलें. ९ सप्टेंबर २००५ पासून मध्यवर्ती कायद्यानें तें वगळणें काढून टाकलें. मग वाद उठला कीं, त्या दिवशीं बाप हयात असावा लागतो काय? २०१५ सालीं सर्वोच्च न्यायालय म्हणालें, लागतो. आमचे वडील १९९८ सालीं गेलेले. म्हणून दोन्ही वकील निर्धास्त होते. ११ ऑगस्ट २०२० रोजीं विनीता शर्मा ह्यांच्या प्रकरणांत तीन न्यायाधीशांनीं तो निर्णय फिरविला: मुलीचा हक्क जन्मानें आहे, बाप तेव्हां जिवंत असो वा नसो. २० डिसेंबर २००४ पूर्वीं रजिस्टर दस्तानें किंवा कोर्टाच्या हुकूमनाम्यानें झालेल्या वांटण्या तेवढ्या अबाधित. तोंडी वांटणीची सबब सहसा ऐकावयाची नाहीं. आणि प्राथमिक हुकूमनामा झाला असला तरी अंतिम होईपर्यंत, अथवा अपील चालू असेपर्यंत, मुलीस हिस्सा द्यावयाचा. अपील हें मूळ दाव्याचेंच पुढचें पाऊल असल्यामुळें मध्यंतरीं बदललेला कायदा तेथें लागू होतो. आम्हीं अपील केलें नसतें तर गोष्ट लौकर संपली असती असें कोणी म्हणेल; पण अक्काचें नांव मग कोणत्या कागदावर आलें असतें?

तेव्हां अक्कास तीन एकर, अण्णांस तीन, आम्हांस तीन. जास्तीच्या तीन एकरांसाठीं आम्ही कोर्टांत गेलों, आणि हातच्या साडेचारांतून दीड घालवून आलों.

अक्कास पक्षकार करून नोटीस काढण्याचा हुकूम झाला. बार्शीस तिच्या दारीं बेलीफ गेला. सत्तरीकडे आलेल्या बाईच्या हातांत, दोन सख्ख्या भावांच्या नांवांचा, सरकारी शिक्क्याचा कागद. त्याच संध्याकाळीं तिचा फोन आला. ती रागावली नाहीं. म्हणाली, "मास्तर, हजेरी घेतांना एक नांव गाळलेंस, आणि अकरा वर्षें वर्ग चालविलास!" आम्हांस उत्तर सुचलें नाहीं. मग म्हणाली, "अण्णाला सांग, मी येतेंय. आणि त्या १९९९ च्या कागदासारखा आणखी कागद लिहून ठेवूं नकोस. मी सही करणार नाहीं."

ह्या ठिकाणीं कथेंत बहीण उदार होऊन भावांस सर्व सोडून देते, असें वाचण्याची आपणांस संवय आहे. अक्कानें तसें केलें नाहीं, व तिनें तसें करावें असें आतां आम्हांसहि वाटत नाहीं. तिनें तीन एकर मागितली. अण्णा प्रथम चिडले. त्यांच्या वकिलांनीं उच्च न्यायालयाचा धाक घातला. परंतु त्यांनाहि दिसत होतें कीं, नुसता प्राथमिक हुकूमनामा म्हणजे अर्धीच वाट आहे. त्यानें फक्त हिस्से ठरतात. त्याविरुद्ध अपील न करणारास तीच तक्रार अंतिम हुकूमनाम्यावरील अपिलांत पुन्हां काढतां येत नाहीं, आणि अंतिम हुकूमनाम्यासाठीं लोक वर्षानुवर्षें थांबतात. इतके कीं, २०२२ सालीं सर्वोच्च न्यायालयास खालच्या न्यायालयांना सांगावें लागलें कीं, प्राथमिक झाल्यावर पक्षकारांच्या अर्जाची वाट न पाहतां पुढची तारीख स्वतःच नेमा. त्यांतून सारा भरणाऱ्या शेतजमिनीची प्रत्यक्ष वांटणी दिवाणी कोर्ट करीत नाहीं. कागद जिल्हाधिकाऱ्यांकडे जातात. तेथें १९४७ च्या तुकडेबंदीचा कायदा आडवा येऊं शकतो. म्हणजे अपील जिंकलें तरी बांध दिसण्यास आणखी एक पिढी.

न्यायाधीशांनीं प्रकरण लोकन्यायालयांत ठेवण्याचें सुचविलें. तेथील निवाडा कोर्टाच्या हुकूमनाम्याइतकाच बंधनकारक असतो, त्यावर अपील होत नाहीं, आणि भरलेलें कोर्टशुल्क परत मिळतें. तीन एकरांचा हट्ट आम्हीं सोडला. तीं अण्णांचींच राहिलीं. २०२३ सालीं नकाशासह तडजोड लिहिली गेली. आम्हीं तिचा शब्दन् शब्द दोनदां वाचला, आणि वंशावळ तीनदां.

ज्या घरांत अजून भांडण नाहीं त्यांनीं काय करावें, असें आम्हांस लोक विचारतात. भावंडें एकत्र बसून तोंडी वांटणी करूं शकतात, आणि झालेल्या वांटणीची आठवण म्हणून टिपण लिहिलें तर त्यास रजिस्टरची जरूर नाहीं, असें सर्वोच्च न्यायालयानें १९७६ सालीं काळे ह्यांच्या प्रकरणांत सांगितलें आहे. परंतु ज्या कागदानेंच वांटणी घडते तो मात्र रजिस्टर झाला पाहिजे. हा भेद इतका सूक्ष्म आहे कीं, आम्ही म्हणतों, सरळ रजिस्टरच करावा. विनीता शर्मा प्रकरणानंतर तर मुलींविरुद्ध नुसत्या टिपणावर विसंबणें शहाणपणाचें नव्हे. सर्वांची संमति असली तर महसूल संहितेच्या ८५ व्या कलमाखालीं तहसीलदारांकडूनहि वांटणी होते. आणि उसाचीं बिलें पंचांगांत गुंडाळूं नयेत.

मोजणीच्या दिवशीं अक्का बार्शीहून आली. भूमि-अभिलेखाचा माणूस आतां साखळी आणीत नाहीं. काठीवर बसविलेलें यंत्र आणतो व आकाशांतल्या उपग्रहांस विचारून खूण करतो. दगड पुरले गेले. रस्त्याकडची तीन एकर अक्काकडे आली. ती बांधावर उभी राहून बराच वेळ पाहात होती. लग्नानंतर ती ह्या रानांत उसाच्या दिवसांत कधीं आलीच नव्हती. मग अण्णांस म्हणाली, "मला कांहीं बार्शीहून येऊन पाणी पाजतां येणार नाहीं. तूंच कर. निम्मा वांटा दे. पण कागदावर." अण्णांनीं मान हलविली. अण्णांच्या ओसरीवर बसून तो कागद आम्हीं लिहिला, तारीख घातली, आणि खालीं तिघांनीं सह्या केल्या. बारा वर्षांनीं त्या घरांत आम्हांस चहा मिळाला. वहिनींनीं तो आमच्यापुढें ठेवला नाहीं; अक्काच्या हातीं दिला, आणि अक्कानें आमच्याकडे सारला.